पफ, ब्रश आणि हरणी

शर्वरीचं शाळेचं ओळखपत्र आलं तेव्हा त्यावर चेहरा एका मुलीचा होता आणि मान दुसऱ्या मुलीची. चेहरा नुकता चुना दिलेल्या भिंतीसारखा, आणि जबड्याखाली जिथं आजीचा हात पोचला नव्हता तिथून पुढं खरी शर्वरी सुरू होत होती. मधे एक रेघ होती. कसबा बावड्यातले शेतांचे बांधसुद्धा इतके सरळ नसतात.

हे ओळखपत्र गळ्यात घालून शरू बालवाडीच्या फाटकाशी उभी राहिली, आणि तिला न्यायला गेलेल्या तिच्या आजोबांना फाटकावरच्या काकांनी अडवलं. मूल आणि फोटो जुळल्याशिवाय मूल सोडायचं नाही असा नियम होता. नियम चांगलाच होता. पालकसभेत शरूच्या आईनं, क्रांतीनंच, तो मागून घेतला होता.

"आजोबा, कार्डावरची पोरगी येगळी दिसती," काका म्हणाले.

"माझी नात मी वळखत न्हाय व्हय रं?"

"तुमी वळखता ओ. कार्डाला वळखू येत न्हाय, त्याला मी काय करू?"

गणपतरावांना, म्हणजे क्रांतीच्या सासऱ्यांना, घरात आणि गल्लीत सगळे आण्णा म्हणतात. साखर कारखान्यातून निवृत्त झालेला आणि गोठ्यात हरणी नावाची देखणी म्हैस बाळगणारा हा माणूस स्वतःच्या नातीसाठी फाटकाबाहेर ताटकळला. शेवटी बाई आल्या, त्यांनी शरूच्या गालावरून बोट फिरवलं, बोटाकडं बघितलं आणि मुलीला सोडलं. संध्याकाळी क्रांतीला त्यांचा फोन आला. "मॅडम, दिवाळीच्या सुट्टीनंतर फोटो पुन्हा काढू. आणि पावडर तेवढी बेतानं."

बेतानं हा शब्द ज्याला सोपा वाटत असेल त्यानं क्रांतीच्या सासूबाईंच्या, चिमणाबाईंच्या, हातात एकदा पफ देऊन बघावा.

तो पफ एके काळी गुलाबी होता म्हणतात. क्रांती लग्न होऊन आली तेव्हाच तो शिळ्या बर्फीच्या रंगाचा झाला होता. घरात तो एकच होता आणि सगळ्यांचा होता. चिमणाबाई भिशीला निघाल्या की तो त्यांच्या तोंडावरून फिरे. क्रांतीचा नवरा विश्वजित शिरोली एमआयडीसीतल्या फौंड्रीतून भाजून आला की त्याच्या मानेवरून फिरे. उन्हाळ्यात आण्णांच्या पाठीवरच्या घामोळ्यांवर तोच फिरे, आणि एवढा सगळा संसार बघून झाल्यावर तो शरूच्या गालावर येऊन थपथपे. क्रांतीचं शिक्षण एम. एस्सी. मायक्रोबायॉलॉजी. त्या पफमध्ये कोण कोण वस्तीला असेल याचा तिनं एकदा शास्त्रशुद्ध विचार केला आणि त्या दिवशी तिला जेवण गेलं नाही.

पण खरं दुखणं जंतूंचं नव्हतं. विश्वजित गोरा, चिमणाबाई तर त्यांच्या माहेरी, मलकापूरला, अजून गोरेपणाबद्दल आठवल्या जातात. आणि शरू सावळी. अगदी क्रांतीसारखी. पोर कुणावर गेली हा विषय घरात कधीच निघत नसे. तो निघत नाहीये हे रोज सगळ्यांच्या लक्षात येईल, अशा बेतानं निघत नसे. चिमणाबाई फक्त आंघोळीनंतर नातीला मांडीवर घ्यायच्या आणि पफनं विषय झाकून टाकायच्या. प्रेमानंच. ते प्रेम नसतं तर क्रांतीला भांडता तरी आलं असतं.

मग एका सकाळी दारात भाजीवाली आली म्हणून क्रांतीनं ओल्या केसांच्या शरूला कडेवर घेतलं, तर शरूनं उंबऱ्याला धरून ठेवलं.

"मम्मी, थांब की. पावडर लावायची हाय. मी घाण दिसते."

तक्रार नव्हती, रडं नव्हतं. बुटाची लेस सुटलीय, हे जसं सांगावं तसं तिनं सांगितलं. क्रांतीनं त्या दिवशी भाजी घेतली नाही.

पावडर बंद, हा सरळ मार्ग होता, आणि तो क्रांतीनं आधीच चोखाळून पाहिला होता. डॉक्टरांचा हवाला देऊन, पावडर श्वासात जाते, मुलांना चांगली नाही, असं तिनं सांगितलं होतं. चिमणाबाई म्हणाल्या, "माझी दोन पोरं पावडरीत वाढली. त्यातला एक तुझा नवरा हाय. बघ, श्वास घेतोय का न्हाय." त्यानंतर घरात अबोला सुरू झाला. या घरातल्या अबोल्याला भांड्यांचा आवाज असतो. तो ऐकून शेजारच्या रत्नाबाई "काय पडलं का गं?" म्हणून चौकशीला आल्या होत्या.

तेव्हा क्रांतीनं धोरण बदललं. पावडरीला हात लावायचा नाही, फक्त हत्यार बदलायचं. पफ पावडर थापतो. मोठा मऊ ब्रश ती नुसती भुरभुरवतो. ब्रशनं लावली तर सासूबाईंना पावडर लावल्याचं समाधान आणि शरूला तिचा स्वतःचा चेहरा, दोन्ही मिळतील. इतका शांततामय तोडगा या घरात पूर्वी निघाला नव्हता, त्यामुळं तो यशस्वी होईल अशी तिची भाबडी समजूत झाली.

ब्रश घ्यायचा म्हटल्यावर सल्ले आले. ते न मागताच आले, कारण बावड्यात मागण्याची पद्धत नाही. रत्नाबाई म्हणाल्या, "ब्रश कशाला बाई? मलमलीच्या फडक्यात पावडर बांधायची, पुरचुंडी करायची आणि नुसती टेकवायची. आमच्या अभिनंदनला मी तसंच लावायची." अभिनंदन म्हणजे त्यांचा मुलगा, त्याचं महाद्वार रोडला सौंदर्यप्रसाधनांचं दुकान आहे, आणि रंगानं तो आईइतकाच सावळा आहे. पण हे बोलण्यात अर्थ नव्हता. विश्वजित म्हणाला, "माझा दाढीचा ब्रश हाय की, धुऊन वापर." क्रांतीनं बघितलं तसा तो पुढं म्हणाला, "नको तर नको. पण ब्रशातलं मला कळतंय. आमच्याकडं असल्याच मऊ ब्रशनं साच्याला काळं लावत्यात." त्याच्या जिभेवर आलेला शब्द त्याच्याच कानांना कसा ऐकू आला नाही, याचं क्रांतीला रात्रभर नवल वाटत राहिलं.

पहिला ब्रश तिनं ऑनलाइन मागवला. फोटोत तो लग्नातल्या नवरीच्या गालावर ऐटीत टेकला होता. खोक्यातून निघाला तो करंगळीएवढा. बाहुलीला पावडर लावायची झाली तरी दोनदा विचार करावा लागला असता. तिनं परत करायला घेतला. तिकडून एक अतिशय गोड मुलगी बोलली, की आम्ही आपली अडचण समजू शकतो, कृपया वस्तू वापरात असतानाचा फोटो पाठवा, म्हणजे आकाराचा अंदाज येईल. क्रांतीनं खिडकीत उभं राहून, तो ब्रश गालाला लावून, स्वतःचा फोटो काढला. समोरच्या गच्चीवर कपडे वाळत घालणाऱ्या बाईनं हातातला पंचा तसाच धरून तो सोहळा पाहिला. उत्तर आलं: वापरलेली वस्तू स्वच्छतेच्या कारणास्तव परत घेता येत नाही. खाली विचारलं होतं, आमची सेवा आपल्याला कशी वाटली? आणि तारे दिले होते. चिमणाबाईंनी तो ब्रश शिलाई मशीन साफ करायला घेतला आणि म्हणाल्या, "ह्याचं मात्र बरं केलंस."

मग क्रांती महाद्वार रोडला गेली. अभिनंदननं काचेवर सगळं मांडलं. पफ, चपटा स्पंज, पाण्यात भिजवून पिळून वापरायचा थेंबासारखा स्पंज, पंख्यासारखा ब्रश, आणि गोंड्यासारखा भरगच्च एक मोठा ब्रश. मोठा ब्रश तिनं मनगटावर फिरवून बघितला. मांजराच्या पोटाला हात लावावा तसा लागला.

"हाच द्या."

"वैनी, ब्रश एक नंबर घेतला. आता त्याच्याजोगी पावडर घ्या. शरूसाठीच ना? मग दोन शेड उजळ देतो."

"तिच्या रंगाची द्या ना."

अभिनंदननं तिच्याकडं दया आल्यासारखं बघितलं. "त्या रंगात ठेवतच न्हाय ओ. कोण घेतंय? सावळी बाई येती ती गोरीची नेती, गोरी बाई येती ती गोरीची नेती. तुमच्या रंगाची पडून ऱ्हाती." आणि मग घरचा माणूस म्हणून हळू आवाजात म्हणाला, "मी सोता हीच लावतोय."

क्रांतीनं नुसता ब्रश घेतला.

घरी ब्रशाचं स्वागत जपून झालं. चिमणाबाईंनी तो उलटासुलटा केला, तळहातावर मूठभर पावडर ओतली, ब्रश त्यात केरसुणीसारखा फिरवला आणि नातीच्या तोंडाकडं नेला. वाटेतच सगळी पावडर उडाली. शरू शिंकली, चिमणाबाई शिंकल्या, आणि सोप्यात पेपर वाचणारे आण्णा म्हणाले, "घरात पिठाची गिरण घातलीसा काय?" धुकं निवळल्यावर पाहिलं तर पावडर फरशीवर होती, चिमणाबाईंच्या चष्म्यावर होती, पेपरावर होती. शरूच्या गालावर मात्र नव्हती.

"ह्यानं कायबी लागत न्हाय गं. नुसत्या गुदगुल्या."

"जरा सवय व्हायला पाहिजे, आत्याबाई," क्रांती म्हणाली, आणि आत जाऊन एकटीच हसली. कुणाचाही अपमान न करता जिंकलेली या घरातली ती तिची पहिली लढाई.

चार दिवस बरे गेले. शरूला गुदगुल्या आवडल्या. ती स्वतःच ब्रश घेऊन बसायची, डबा बंद असला तरी गालावरून ब्रश फिरवायची आणि "झालं!" म्हणून उठायची. तेवढ्यात पफ कुठं गेला, हे क्रांतीनं विचारायला हवं होतं. नको तिथं लक्ष ठेवणाऱ्या बाईचं नेमकं हवं तिथं लक्ष नसतं. आणि ब्रशही तिचा राहिला नाही. विश्वजितनं त्यानं लॅपटॉपची बटणं झाडली. चिमणाबाईंनी देवांच्या तसबिरी झाडल्या. आण्णा म्हणाले, "लई मऊ हाय," आणि मोबाइल पुसला. क्रांती रोज तो धुऊन उन्हात ठेवी, आणि हा ब्रश शरूचा आहे हे रोज सगळ्यांना सांगे. सगळे रोज मान हलवत.

दिवाळीचा पाडवा आला. पाडव्याला इकडं म्हशींचा सण. गल्लोगल्लीच्या म्हशी नटवून मिरवायला काढायच्या, मालकानं पुढं मोटारसायकल पळवायची आणि हाकेसरशी म्हशीनं मागं धावायचं. पण धावणं नंतर. आधी लोक बघतात ती कांती, आणि सगळ्यात देखण्या म्हशीला मानाचा फेटा मिळतो. आदल्या दिवशी आण्णा आणि त्यांचे मित्र सयाजी यांनी हरणीच्या अंगावरचे केस भादरून काढले होते, आणि पाडव्याला पहाटेपासून दोघं तिला तेल चोळत होते. शिंगांना रंग, गळ्यात कवड्यांची माळ, कपाळावर मोरपिसांचा तुरा. आण्णांच्या हाताला असा मऊपणा क्रांतीनं एरवी कधी पाहिला नव्हता.

"काय काळी हाय रं!" सयाजी मागं सरून म्हणाले. "नुसता आरसा. तोंड बघून भांग पाडावा."

"काळं म्हंजे असं पायजे," आण्णा म्हणाले. "औंदाचा फेटा आपलाच."

चिमणाबाईंनी भाकरतुकडा ओवाळून टाकला. "दृष्ट लागंल गं माझ्या काळीला," म्हणाल्या, आणि तिच्या कानशिलावरून बोटं मोडली. परकर-पोलक्यातली शरू गोठ्याच्या दारात उभी राहून हे सगळं बघत होती. क्रांतीनं तिला तिथं बघितलं आणि तिला बरं वाटलं. पोरीच्या कानावर आज काहीतरी चांगलं पडतंय, असं तिला वाटलं.

मग सगळे चहाला आत आले. पाहुणे यायची वेळ झाली होती, आणि चिमणाबाईंनी शरूला हाक मारून मांडीवर ओढलं. पदराखालून पफ निघाला. तोच, शिळ्या बर्फीच्या रंगाचा.

"आत्याबाई, ब्रश आहे ना..."

"रोज ब्रश. आज पावणं येणार हायती. सणाला तरी पोर उजळ दिसूदे."

क्रांती ब्रश आणायला आत धावली. तो खिडकीत नव्हता, देव्हाऱ्यात नव्हता, लॅपटॉपपाशी नव्हता. ती परत आली तोवर पफ आपलं काम करून गेला होता. सणाचं काम, दुहेरी थर. शरू मांडीवरून उतरली, आरशात बघितलं, पावडरीचा डबा उचलला आणि बाहेर गेली. डबा जागेवर ठेवायला गेली असेल, असं प्रत्येकाला वाटलं. असं प्रत्येकाला वाटतं तेव्हा कुणीही बघत नसतं.

थोड्या वेळानं गोठ्यातून आण्णांची हाक आली. हाक कसली, आरोळी.

हरणी उभी होती. शिंगं तशीच, माळ तशीच, तुरा तसाच. आणि कपाळापासून नाकपुडीपर्यंत पांढरी. उलट्या ठेवलेल्या घमेल्यावर शरू चढली होती आणि मोरपिसं झाडायला कुणीतरी गोठ्यात नेलेल्या क्रांतीच्या ब्रशनं, अगदी नीट, गालावरून कानाकडं, हरणीला पावडर लावत होती. डबा रिकामा झाला होता. तेलावर पावडर बसून तिची लापशी झाली होती. हरणी डोळे मिटून उभी होती. तिलाही गुदगुल्या आवडल्या असाव्यात.

"ए! काय केलंस हे!"

शरू दचकली, पण तिला वाटलं आण्णांना कळलं नाही. तिनं समजावून सांगितलं. "आण्णा, हरणी काळी हाय. लोक हसतील की. मी तिला चांगली केली."

आण्णांनी फडकं मारलं. पांढरं गेलं आणि राखाडी आलं. सयाजींनी पाणी मारलं, राखाडीवर ओघळ उठले. शिकेकाई झाली, कोंडा झाला. जितकं पुसावं तितकं ते पसरत मानेपर्यंत आलं. बाहेर हलगी वाजायला लागली होती.

"रूप घालवलं जनावराचं!" आण्णांचा आवाज फाटला. "देवानं दिलेला रंग! त्याच्यावर कुणी राख फासतंय व्हय? काळीचं काळंपण हेच तिचं सोनं असतंय, एवढंबी कळू ने?"

"ब्रश कुणी दिला पोरीच्या हातात?" चिमणाबाई म्हणाल्या, आणि सगळे क्रांतीकडं वळले. विश्वजितसुद्धा. सयाजी परके म्हणून तेवढे हरणीकडं बघत राहिले. "एवढी शिकली सवरली, आन् घरात ही थेरं. पफ असता तर झालं असतं का असं?"

ते मात्र खरं होतं. पफ आत्याबाईंच्या पदराखाली होता.

शरू रडायला लागली. डोळ्यांतून निघालेलं पाणी गालावरच्या थरातून वाट काढत खाली आलं, आणि जिथून गेलं तिथं खालची खरी शरू दोन रेघांनी दिसली. हुंदका आवरून तिनं विचारलं, "आण्णा, काळं चांगलं असतंय?"

आण्णा विरघळले. हातातलं फडकं टाकून ते खाली बसले, तिला जवळ घेतलं, आणि फार मायेनं म्हणाले, "म्हशीचं गं बाळ. म्हशीचं."

क्रांतीच्या तोंडापर्यंत काहीतरी आलं. ती म्हणाली, "आण्णा, देवानं दिलेला रंग असं आत्ता तुम्हीच..."

"म्हशीची आन् पोरीची बरोबरी करतीस व्हय?" चिमणाबाई मधेच म्हणाल्या. "म्हशीचं लगीन करायचं नसतंय."

हरणी तशीच मिरवणुकीत गेली. "पावणं, म्हस आजारी हाय का?" "राखंत लोळली काय ओ?" बघे विचारत होते. आण्णा पुढं बघत गाडी चालवत राहिले. ती धावली मात्र जीव तोडून. फेटा दुसऱ्याच्या म्हशीला गेला. ब्रश तेलानं चिकटून दगड झाला होता. आण्णांनी तो पुढच्या वर्षी शिंगं रंगवायला म्हणून गोठ्याच्या खुंटीला अडकवून ठेवला. घरात भांड्यांचे आवाज सुरू झाले. रत्नाबाई चौकशीला आल्या.

सुट्टी संपली तसा फोटोवाला शाळेत आला. क्रांती स्वतः शरूला घेऊन गेली. तोंड नुसत्या पाण्यानं धुतलेलं, केस विंचरलेले. शरू स्टुलावर बसली, तसा फोटोवाला म्हणाला, "मॅडम, जरा पावडर मारा की. चेहरा उठत न्हाय."

"असाच काढा."

"काळा येईल हं. मग मला बोलायचं न्हाय."

"तिचा जसा आहे तसा येऊ दे," क्रांती म्हणाली. आवाज जरा मोठाच निघाला. रांगेतल्या आया वळून बघायला लागल्या. फोटोवाल्यानं खांदे उडवले आणि फोटो काढला. शरू हसली होती. घरी येईपर्यंत क्रांती तिचा हात गच्च धरून चालली, आणि जे काम पफला, ब्रशला जमलं नाही ते एका वाक्यानं झालं, असं तिला वाटेभर वाटत राहिलं.

ओळखपत्र आलं. हसू शरूचं होतं. चेहरा पाहुणीचा होता: गोरापान, गुळगुळीत, आणि या खेपेला मानेपाशी रेघसुद्धा नव्हती. क्रांतीनं बाईंना फोन केला. बाई म्हणाल्या, "अहो, फोटोवाल्यानं कॉम्प्युटरवर सगळ्यांचेच उजळ करून दिलेत. वर जादा काही घेतलं नाही बिचाऱ्यानं. आता बदल पुढच्या वर्षीच होईल, मॅडम."

दुसऱ्या दिवशी आण्णा नातीला घेऊन घरी आले ते तोंड पाडून. फाटकावरच्या काकांनी त्यांना पुन्हा अडवलं होतं. कार्ड एकदा शरूपाशी, एकदा उजेडात, असं धरून बघितलं होतं. शेवटी सोडताना म्हणाले होते, "आजोबा, पोरीला जरा फोटोसारखी करून पाठवत जावा की. आमाला बी सोपं पडतंय."

"बघ," चिमणाबाई क्रांतीला म्हणाल्या. एवढंच म्हणाल्या. पुढच्या सकाळी त्यांनी कपाट उघडलं, नवा डबा काढला, पफ काढला आणि पाटावर बसल्या. क्रांती स्वयंपाकघराच्या दारात शरूचा खाऊचा डबा हातात घेऊन उभी होती. आज ती बोलणार होती. पोळी भाजता भाजता तिनं वाक्यसुद्धा जुळवून ठेवलं होतं.

कुणी हाक मारायच्या आधीच शरू येऊन आजीच्या मांडीवर बसली. तिनं डोळे मिटले आणि तोंड वर केलं.

"जाड लाव, आज्जी," ती म्हणाली. "न्हायतर काका मला वळखत न्हाईत."